पेंडीच्या दुकानातला प्रलय

स्वयंपाकघरात सिंकखाली पिशव्यांची एक पिशवी असते बघा. कुणी मुद्दाम जमवत नाही, कुणाला फेकवतही नाही, आणि एक दिवस दार उघडलं की सगळ्या अंगावर येतात. आमच्या शनिवारच्या बैठकीचे किस्से माझ्याकडे असेच साठलेत. परवा साताऱ्याहून बहिणीचा फोन आला. "तू दर शनिवारी सकाळी असतेस तरी कुठे?" मी सांगायला बसले. तिचा कुकर झाला, भाजी फोडणीला पडली, तरी माझं आपलं चालूच! शेवटी ती म्हणाली, "अगं बाई, लिहून काढ, मला आंघोळ करायचीय!" म्हणून हे.

आधी जागा सांगते. आम्ही नॉर्थ कॅरोलायनात मॉरिसव्हिलला राहतो. ग्रोसरीच्या रांगेत पुढे पुणं आणि मागे हैदराबाद, असं आमचं गाव. पण गाडीनं अर्धा तास बाहेर पडलं की एकदम तंबाखूची शेतं, पांढरी चर्च आणि पिकअप ट्रक सुरू होतात. तिथे एक पशुखाद्याचं दुकान आहे. त्याच्या मागच्या खोलीत, पेंडीच्या पोत्यांच्या मधोमध खुर्च्या गोल मांडून, दर शनिवारी सकाळी म्हातारी मंडळी कंट्री म्युझिक वाजवतात. माईक नाही, स्टेज नाही. गोलात एकेकाची पाळी येते. ज्याची पाळी त्यानं गाणं सांगायचं, बाकीच्यांनी साथ करायची.

मी तिथे पोचले ती माझ्या मुलीमुळे. रेवा इथेच जन्मली, जनावरांच्या दवाखान्यात काम करते, आणि उरलेल्या वेळात कादंबरी लिहिते. वेस्टर्न फँटसी! म्हणजे वाळवंट, शेरीफ म्हणजे तिकडचा फौजदार, सलून म्हणजे दारूचा गुत्ता आणि त्याच गल्लीत देवदूत, राक्षस आणि जगाचा शेवट. दवाखान्यासाठी खाद्य आणायला म्हणून ती त्या दुकानात गेली आणि गाणी ऐकत तिथेच बसली. घरी येऊन म्हणाली, "आई, यू हॅव टू कम. माझं सगळं रिसर्च तिथे पोत्यांवर बसलंय!"

*

पहिल्या शनिवारी मी गेले तेव्हा हार्लनची पाळी होती. हार्लन म्हणजे बैठकीचा प्रमुख. ऐंशीच्या घरातला, आयुष्यभर तंबाखू पिकवलेला, गिटारवाला. शेजारी त्याची बायको डोरीन. डोरीन चणीनं माझ्यासारखीच बुटकी, आणि वाजवते मात्र तिच्याहून उंच असं उभं बेस, म्हणजे राक्षसी आकाराचं व्हायोलिनच. दुरून पाहिलं तर बेस स्वतःच वाजतंय असं वाटतं.

गाणं सुरू झालं. चाल इतकी गोड आणि उडती की मी लगेच ठेका धरला. कडव्याकडव्याला सगळे हसतमुखानं एका सुरात गात होते. मला त्यांचे उच्चार कळेनात, म्हणून रेवाला विचारलं, "लग्नाचं गाणं आहे का गं?"

रेवा कानात म्हणाली, "नाही आई. चंद्राचं रक्त झालंय, आकाश कागदासारखं गुंडाळलं जातंय आणि पापी लोक डोंगरांना सांगतायत, आमच्यावर पडा."

माझा ठेका जागच्या जागी थांबला. मग कळलं की यांच्या निम्म्याहून जास्त गाण्यांत हेच असतं. बायबलच्या शेवटच्या पुस्तकातला प्रलय. मराठीत त्या पुस्तकाला ‘प्रकटीकरण’ म्हणतात, हेसुद्धा मला इतक्या लांब येऊन कळलं. फिकट घोड्यावर मृत्यू येतो, तुताऱ्या वाजतात, आगीचं तळं पेटतं, आणि हे सगळं आपल्याकडे सहलीच्या बसमध्ये गातात तशा चालीत!

गाणं संपल्यावर डोरीननं विचारलं, "आवडलं?"

मी म्हटलं, "व्हेरी नाइस, व्हेरी नाइस."

"पुढचं जरा दुःखी आहे," हार्लन म्हणाला. "मन घट्ट करा."

पुढचं गाणं एका कुत्र्याचं होतं. म्हातारं कुत्रं मालकाची वाट पाहत फाटकाशी मरतं. अख्खं जग जळून गेलं तेव्हा ज्यांच्या डोळ्यांत टिपूस नव्हतं, ती सगळी मंडळी रुमाल काढून रडायला लागली. आणि कुणाला सांगू नका, मीही रडले.

*

आमच्या शेजारी देवतळे काका राहतात. मूळ नागपूरचे. पाटबंधारे खात्यात इंजिनिअर होते, आता मुलाकडे असतात. ढोलकी फार छान वाजवतात. घरी बसून कंटाळले होते, म्हणून मी त्यांना बैठकीला घेऊन गेले. पहिल्याच दिवशी त्यांनी ढोलकी अशी काही लावली की गिटारवाले खुर्च्या सरकवून त्यांच्याकडे तोंड करून बसले.

काकांची सवय एकच. गाण्यातली प्रत्येक गोष्ट ते बातमीसारखी ऐकतात. एक गाणं होतं, देवदूत येतो आणि समुद्राचा एक तृतीयांश भाग रक्त होतो, नद्यांचं एक तृतीयांश पाणी कडू होतं, सूर्याचा एक तृतीयांश प्रकाश जातो. काकांनी वाजवता वाजवता मान वर केली. गाणं संपल्याबरोबर मला म्हणाले, "एक तृतीयांशच काहून?"

मी रेवाकडे ढकललं, रेवानं हार्लनकडे. हार्लन म्हणाला, "पुस्तकात तसंच लिहिलंय."

काकांनी बराच विचार केला. मग समाधानानं म्हणाले, "हा देव मेन्टेनन्सचा माणूस दिसून राहिला. पूर्ण शटडाऊन घेत नाही. एक तृतीयांश बंद, बाकी सप्लाय चालू!"

रेवानं ते जसंच्या तसं इंग्रजीत सांगितलं. मला वाटलं, झालं, धर्माचा अपमान केला आपण, आता गाशा गुंडाळा. हार्लन हा चर्चमधला वजनदार माणूस. त्यानं गिटार खाली ठेवली आणि म्हणाला, "रविवारी आमच्या पास्टरला ऐकवतो. चाळीस मिनिटं बोलतो तो, आणि इतकं स्पष्ट कधी सांगितलं नाही त्यानं!"

*

गोलात बसलं की पाळी टळत नाही. एका शनिवारी ती माझ्यावर आली. "मिस अंजली, तुमचं गाणं," हार्लन म्हणाला. इकडे बाईमाणसाला मान द्यायचा तर नावाआधी ‘मिस’ लावतात. लग्नाला तीस वर्षं झालेली असली तरी!

लहानपणी गाण्याच्या क्लासला जायचे, त्याला जमाना झाला. आयत्या वेळी काही आठवेना. शेवटी डोळे मिटून भैरवीतलं एक भजन म्हटलं. माझं मलाच नवल वाटलं, इतकं सुरात लागलं. हार्लननं मागे हळूच गिटारचे सूर धरले. डोरीननं बेसवर एकच स्वर लांबवर ठेवून दिला.

मी डोळे उघडले तर देवतळे काका उठलेले! त्यांनी ढोलकी खोळीत घातली, नाडी बांधली, सगळ्यांना वाकून नमस्कार केला आणि बाहेर जाऊन चक्क गाडीत बसले. सकाळचे अकरा वाजले होते. बैठक दुपारपर्यंत चालते.

सगळे घाबरले. डोरीन म्हणाली, "आमचं काही चुकलं का? मी आणलेल्या केकमध्ये अंडं होतं म्हणून?"

मी धावत बाहेर गेले. "काका, चला ना आत!"

"आत कशाला? तूच तं भैरवी घेतली. भैरवी झाली म्हणजे कार्यक्रम संपला. त्यानंतर वाजवायचं नसते, एवढं माहीत नाही?"

आता हे त्या मंडळींना समजावणं आलं. मी सांगितलं की आमच्याकडे मैफलीच्या शेवटी भैरवी गातात आणि तिच्यानंतर कुणी गात नाही. हार्लन शांतपणे ऐकत होता. मग टोपी काढून डोकं खाजवत म्हणाला, "आम्ही जगाचा शेवट गातो आणि लगेच विचारतो, पुढचं कोण? तुम्ही एक गाणं म्हणता आणि खरंच घरी जाता. मिस अंजली, तुमचा धर्म फार कडक आहे!"

*

रेवाच्या कादंबरीत घोडे पुष्कळ. प्रलय आणणारे चार स्वार तर आहेतच, शिवाय शेरीफचा, टपालवाल्याचा आणि एक मेलेला घोडा, जो बोलतो. तिला वाटलं, हार्लनइतकं घोड्यांचं ज्ञान कुणाला असणार? प्रत्येक दुसऱ्या गाण्यात हा माणूस खोगीर चढवतो! दवाखान्यात एक म्हातारी फिकट राखाडी घोडी आली होती, अगदी गाण्यातल्यासारखी. रेवानं हार्लनला आणि डोरीनला बघायला बोलावलं. मीही गेले.

हार्लन पिकअपमधून उतरला आणि पिकअपच्याच मागे उभा राहिला. "सुंदर आहे," म्हणाला.

"जवळ या ना," रेवा म्हणाली.

"नको. लांबूनच सुंदर आहे."

घोडी एक पाऊल पुढे आली. हार्लन दोन पावलं मागे गेला. डोरीन त्या घोडीच्या मानेवरून हात फिरवत हसत सुटली. "साठ वर्षं घोड्यांची गाणी म्हणतोय, एकदा बसलेला नाही! लग्नाआधी मला म्हणाला होता, चर्चमधून घोड्यावर बसवून नेईन. ट्रॅक्टरवरून नेलं!"

हार्लनचा चेहरा पडला. रेवाला त्याची दया आली. "त्यात काय, ट्रॅक्टरही छानच," ती म्हणाली.

"तुला काय सांगू," हार्लन तिला हळूच म्हणाला. "मृत्यू त्या फिकट घोड्यावर बसून येतो ना, त्यात मला भीती मृत्यूची नाही वाटत."

*

कादंबरीचा पहिला खरा वाचक म्हणजे डोरीन. रेवा दर आठवड्याला एक प्रकरण छापून न्यायची, डोरीन ते केकच्या डब्याखाली ठेवायची आणि पुढच्या शनिवारी मत द्यायची. शेवटी शेवटी निम्मी बैठक तेवढ्यासाठी लवकर यायला लागली.

गोष्ट अशी. वाळवंटात रेल्वेचं शेवटचं स्टेशन, तिथे एक छोटं गाव. एक दिवस गाडीतून देवदूत उतरतो. त्याच्याजवळ एक पेटी, पेटीत सात तुताऱ्या. सातवी वाजली की जग संपणार. पण स्टेशनवरचा कारकून पेटी काट्यावर ठेवतो आणि म्हणतो, वजन जास्त आहे, अशी पुढे जाणार नाही! मग तो देवदूत, पंख सावरत, प्लॅटफॉर्मवर उकिडवा बसतो, पेटी उघडतो आणि तुताऱ्या काढून स्वतःच्या कोटाच्या खिशांत, बुटांत, बाह्यांत कोंबतो. पुन्हा वजन करतो. पुन्हा काढतो. मागे रांगेतले लोक ओरडतायत.

बैठक पोट धरून हसली. हार्लन म्हणाला, "पोरी, असलं तुला सुचतं तरी कसं?"

रेवानं माझ्याकडे बोट केलं.

मला राग आला! दर वेळी भारतात जाताना एअरपोर्टवर बॅग उघडून मी चॉकलेटं यांच्या जॅकेटात भरते, हे काय जगाला सांगायचं असतं? आणि भरते ती कुणासाठी? सासरच्या लोकांसाठीच ना! मी तोंड फिरवून बसले. डोरीननं केकचा मोठा तुकडा माझ्या हातात दिला. "मनाला लावून घेऊ नको, हनी. तुझ्यामुळे जगाला दोन प्रकरणं जास्त मिळाली."

डोरीनही त्या गोष्टीत होती. सलूनमध्ये बेस वाजवणारी बर्डी नावाची बुटकी बाई. देवदूतालासुद्धा पाय पुसून आत ये म्हणणारी. प्रकरण कोणतंही असो, ते संपलं की हार्लनचा एकच प्रश्न असायचा. "बर्डी जिवंत आहे ना?"

*

आणि मग एका शनिवारी केक कापता कापता डोरीन म्हणाली, "पुढच्या महिन्यात माझं हृदय उघडणार आहेत. झडप बदलायचीय. कुणाला कडेचा तुकडा हवाय?"

हार्लन गिटारच्या खुंट्या पिळत बसला होता, तारा सुरात असूनही. त्याची पाळी आली. तो म्हणाला, "पास."

इतक्या वर्षांत हार्लननं पाळी सोडली नव्हती म्हणे. पुढच्या फेरीलाही तेच. मग सगळ्यांच्या लक्षात आलं की त्याच्यासमोर तुताऱ्या, थडगी, नदीपलीकडचा किनारा, काही गायचं नाही. ठरवलं खरं, पण गायचं काय? एकानं एक गाणं सुरू केलं, त्यात दुसऱ्या कडव्यात आई जाते. दुसऱ्यानं रेल्वेचं धरलं, ती पुलावरून कोसळते. शेवटी एका आजींनी लहान मुलांचं कोंबडीचं गाणं काढलं. सगळ्यांना हायसं वाटलं, मोठमोठ्यानं गायला लागले. शेवटच्या कडव्यात पाहुणे येतात आणि कोंबडीचं कालवण होतं!

पहिली हसली ती डोरीनच. हार्लन मात्र उठून बाहेर गेला. काकांनी माझ्याकडे पाहिलं, ढोलकी मांडीवर घेतली आणि शब्दांशिवाय नुसती वाजवत राहिले. त्या दिवशीची बाकीची बैठक त्यांनी एकट्यानं सांभाळली.

*

बैठक संपल्यावर पार्किंगमध्ये हार्लन माझ्या गाडीशी उभा होता. हातात परसातल्या भेंडीची पिशवी. ती मला देत म्हणाला, "मिस अंजली, एक काम आहे. तुमच्या मुलीला सांगा, गोष्टीचा शेवट लिहू नको म्हणावं."

"का हो?"

"डोरीन कुठलीच गोष्ट अर्धी सोडत नाही. पुस्तक कितीही रद्दी असो, शेवट कळल्याशिवाय दिवा मालवत नाही. ऑपरेशनच्या आधी तिला शेवट कळला, तर ती म्हणेल, चला, झालं. मला तिनं ‘झालं’ म्हणायला नकोय."

साठ वर्षं जगाचा शेवट आनंदानं गाणारा हा माणूस माझ्या मुलीच्या गोष्टीच्या शेवटाला घाबरला होता. मला भरून आलं. मी ‘सांगते’ म्हटलं आणि गाडीत बसून रडून घेतलं.

घरी आले तर रेवा ओट्याशी उभी, चेहरा उतरलेला. "आई, डोरीनचा फोन होता. शी वॉन्ट्स द एंडिंग. म्हणाली, डॉक्टर म्हणतात चान्सेस चांगले आहेत, पण चांगले म्हणजे पूर्ण नव्हेत. बर्डीचं काय होतं ते कळल्याशिवाय मी त्या टेबलवर झोपणार नाही. मी प्रॉमिस केलं."

मी तिला भेंडीची पिशवी दाखवली आणि हार्लनचं सांगितलं.

"ओह नो," ती खालीच बसली. "आता मी काय करू? आणि खरं सांगू? मला शेवट माहीतच नाहीये. सातवी तुतारी वाजवायची की नाही, मी ठरवूच शकत नाही. वाजवली तर बर्डी जाते. नाही वाजवली तर ते खोटं वाटतं. डोरीनला लगेच कळेल."

मायलेकी रात्रीच्या जेवणापर्यंत बोलत बसलो. मला कादंबरीतलं काय कळतं? मी एवढंच म्हटलं, "बाळा, तिला जे सांगशील ते खरं सांग. आणि त्याला दुखवू नको." हे सांगणं सोपं होतं. करायचं तिला होतं!

*

ऑपरेशनच्या दिवशी सकाळी आम्ही हॉस्पिटलला पोचलो. डोरीन हिरवा गाऊन घालून, केस टोपीत कोंबून पलंगावर बसलेली. बेसशिवाय ती फारच लहान दिसत होती. हार्लन उशाशी, हातात टोपी फिरवत. त्यानं रेवाच्या हातातले कागद पाहिले आणि माझ्याकडे असं पाहिलं की मला जमिनीत शिरावंसं वाटलं.

"वाच," डोरीन म्हणाली. "तो ढकलगाडीवाला यायच्या आत."

रेवानं वाचलं. सहा तुताऱ्या वाजून झाल्यात. गावातला एक तृतीयांश भाग शिल्लक नाही. प्लॅटफॉर्मवर फक्त देवदूत आणि बर्डी. बर्डी त्याला म्हणते, ‘वाजवायची तर वाजव, पण आधी तो कोट काढ, घामाघूम झालायस.’ देवदूत कोट काढतो, घडी करून बाकावर ठेवतो. मग बाहीतून सातवी तुतारी काढतो, ओठाला लावतो आणि श्वास आत ओढून घेतो.

रेवा थांबली. कागद संपले होते.

"पुढे?" डोरीन म्हणाली.

"पुढचं पान माझ्या बॅगेत आहे," रेवा म्हणाली. "तुम्ही बाहेर आलात की वाचते."

तिच्या बॅगेत काय होतं ते मला पक्कं ठाऊक होतं. मीच सकाळी भरून दिलेला दशम्यांचा डबा! पण मी चेहरा मख्ख ठेवला.

डोरीननं आधी रेवाकडे पाहिलं, मग नवऱ्याकडे. "हार्लन, ही आयडिया तुझी."

हार्लन छताकडे बघायला लागला. तेवढ्यात ढकलगाडीवाला आला. डोरीन त्याला म्हणाली, "चल बाबा, लवकर ने. मला अजून एक पान ऐकायचंय."

दिवसभर आम्ही बाहेर बसलो. देवतळे काका मुलाला घेऊन आले, हार्लनशेजारी बसले आणि त्याच्या गुडघ्यावर हात ठेवून राहिले. दुपारी सगळ्यांनी दशम्या खाल्ल्या. हार्लननं अर्धी खाल्ली आणि अर्धी रुमालात बांधून ठेवली, डोरीनसाठी. डॉक्टर येऊन म्हणाले की सगळं नीट झालंय, पण ती शुद्धीवर येऊन बोलेपर्यंत त्यांनाही चैन पडणार नाही. त्यानंतरची वाट पाहणं तर आणखी जड गेलं.

शेवटी नर्सनं बोलावलं. एका वेळी दोघंच म्हणाली. नात्यातलं कोण, असं तिनं विचारलं तेव्हा हार्लननं रेवाचा हात धरला आणि दोघं आत गेली. मी दारातच थांबले, हार्लनची टोपी हातात घेऊन.

तोंडातली नळी काढलेली होती. ओठ कोरडे पडले होते. डोरीननं डोळे उघडून आधी छताकडे पाहिलं, मग यंत्रांकडे, मग त्याच्याकडे. तिला काहीतरी विचारायचं होतं, आवाज फुटत नव्हता. हार्लन खाली वाकला.

"हार्लन," ती पुटपुटली, "वाजली का?"

हार्लननं रेवाकडे पाहिलं. रेवानं मानेनंच नाही म्हटलं. तो डोरीनच्या कानाशी गेला.

"नाही गं. तो अजून श्वासच घेतोय."

डोरीननं डोळे मिटले. मला वाटलं, झोपली. मग ओठ पुन्हा हलले.

"सावकाश घे म्हणावं!"